साठवणुकीतली नासाडी

१

किरण आहेर नाहीसा झालाय, हे पुण्याच्या संस्थेत पहिल्यांदा लक्षात आलं ते इंदुमती पोतनीसांच्या, आणि तेही त्याचं शेवटचं प्रकरण वेळेवर आलं नाही म्हणून. माणूस हरवला तर बोंब व्हायला वेळ लागतो, पण मजकूर हरवला की छापखान्याचा माणूस दुसऱ्या दिवशी दारात उभा राहतो.

संस्था शेतीच्या अर्थशास्त्रावर पुस्तकं काढायची. ती वाचतं कोण, हा प्रश्न तिथे विचारायची पद्धत नव्हती. पण हे पुस्तक वेगळं होतं. कांदा साठवताना किती नासतो, याचा जुन्नर तालुक्यातला अभ्यास त्यात होता. त्यावरून सरकार एक पुस्तिका काढणार होतं, आणि पुस्तिकेत ज्या बांधणीची शिफारस होईल तिला अनुदान मिळणार होतं. संस्थेच्या छापील अक्षरावर विसंबून माणसं घरं-शेतं पणाला लावणार, असं प्रथमच घडत होतं.

पोतनीसबाई प्रकाशन विभागाच्या संपादक. निवृत्तीला आलेल्या, आणि जिभेला धार. भातात खडा लागावा तसा त्यांना चुकीचा शब्द लागायचा. किरण मूळचा चांदवडचा, कांदेवाल्याचा मुलगा. वर्षभर राजुरीत खोली घेऊन तो तिथल्या लोकांचे कांदे तोलत होता. त्याच्या मजकुरातले नाशिककडचे शब्द खोडून जुन्नरचे घालता घालता बाईंची लाल शाई संपायची. त्यावरून दोघांची भांडणं होत, आणि बाईंना ती भांडणं आवडत, हे त्यांनी त्याला कधी कळू दिलं नव्हतं.

"पळाला असेल," प्रकल्पाचे प्रमुख डॉक्टर लिमये म्हणाले. "आजकालची पोरं. तुम्ही शेवटचं प्रकरण जुन्या आकड्यांवर छापून टाका."

"जुने आकडे कुणाचे?"

"माझे," लिमये म्हणाले आणि चष्मा पुसायला लागले.

बाईंनी त्याच दिवशी नाशिकची एस.टी. धरली आणि त्या राजुरीजवळ आळेफाट्याला उतरल्या. अठ्ठ्याण्णवचं साल, पाऊस सरत आलेला, आणि कांदा असा कडाडलेला की हॉटेलवाल्यांनी भज्यांत कोबी घालायला सुरुवात केली होती. पोलीस चौकीच्या ओसरीवर पांढरी टोपी घातलेला एक म्हातारा पायाशी पिशवी ठेवून बसला होता. तो किरणचा बाप, रखमाजी आहेर. मुलगा मिळेपर्यंत तिथून हलायचं नाही, असं ठरवून तो आला होता.

"कागदाचं काम करतो म्हणायचा," तो बाईंना म्हणाला. "कागदाच्या कामात माणूस हरवतो का वो?"

बाई आत गेल्या. फौजदारांनी खुर्ची दिली, चहा मागवला आणि आवाज खाली घेतला.

"म्हाताऱ्याला अजून सांगितलं नाही. मारेकरी सापडलाय, आत बसवलाय. प्रेत तेवढं मिळायचं राहिलंय."

२

आत बसवलेला माणूस होता राघू, आळेफाट्याचा वेल्डर. बाप मेंढरं राखायचा, राघूने वेल्डिंगचं मशीन घेतलं. गॅरेजांच्या मागे पत्र्याच्या खोल्यांची एक रांग होती. ड्रायव्हर, फिटर, पंक्चरवाले असे सगळे तिथे राहत. फाट्यावर तिला नुसतं 'चाळ' म्हणत. राघूचं बिऱ्हाड तिथेच होतं.

नव्या पद्धतीच्या बराखीचा लोखंडी सांगाडा त्यानेच केला होता. बराख म्हणजे कांदा साठवायची लांबट, हवेशीर जागा. खाली फळ्यांचा ओटा, बाजूंना जाळी, वर पत्रा. संस्थेच्या प्रयोगासाठी अशी एक बराख राजुरीत अमृतराव नावाच्या बागायतदाराच्या मळ्यात उभी होती. सांगाड्याचं लोखंड ठरल्यापेक्षा हलकं वापरलंय, असं किरण म्हणाला, आणि चार माणसांत राघूशी त्याची जुंपली.

"काय बोललात तुम्ही त्याला?" बाईंनी विचारलं.

राघूचा ओठ फुटलेला होता. त्याला नीट बोलता येत नव्हतं.

"म्हणलं, पुन्हा चाळीत पाय ठिवलास तर उभा जाऊ देणार न्हाई. रागाच्या भरात म्हणलं बाई. त्याच चाळीत माझ्या बायकूच्या हातचं जेवून गेलाय त्यो किती डाव. लोखंड हलकं व्हतं ह्ये खरं हाय. ती लबाडी माझी. बाकीचं माझं न्हाई."

आणि नेमका नाहीसा झाला त्या संध्याकाळी किरण 'आळेफाट्याच्या चाळीत जातो' असं सांगून राजुरीहून निघाला होता, असा जबाब फौजदारांकडे होता. पुढे त्याला कुणीच पाहिलं नव्हतं.

राघूची बायको हिरा चौकीच्या पायरीशी उभी होती. बाई बाहेर आल्या तशी तिने त्यांचा पदरच धरला.

"किरणभाऊ आलाच न्हाई त्या सांजंला. मी दारातच व्हते, चूल बाहेर हाय माझी. पर बायकूच्या बोलण्याला कोण इचारतंय? तुमी त्याच्या हापिसातल्या ना? त्येंना ह्ये कबूल करून घ्यायचंय. आज न्हाई तर उद्या मारून मारून करतील."

तसंच होणार, हे बाईंनाही दिसत होतं. एक बाप मुलाची वाट पाहत बसलेला, आणि आत एक माणूस नसलेल्या प्रेतासाठी मार खातोय. किरण कुठे आहे हे कळल्याशिवाय दोघांचीही सुटका नव्हती.

३

राजुरीत किरण झुंबरबाईच्या पडवीतल्या खोलीत राहायचा. झुंबरबाई विधवा, मोलमजुरी करणारी. दोन वेळची भाकरी तीच करून घालायची. खोलीबाहेर किरणची लुना उभी होती.

"ही गाडी इथेच?"

"हितंच हाय. म्हणलं गेला आसंल वडापच्या जीपनं."

"जाताना नेमकं काय म्हणाला? त्याचे शब्द सांगा, तुमचे नकोत."

झुंबरबाईला हे जरा विचित्र वाटलं, पण तिने डोळे मिटून आठवलं. "बाहेरनं आला. कुणावर तरी चिडला व्हता. हितं बसला, आन् एकदम उठला. म्हणला, मावशी, चाळीत जाऊन येतो, भाकरी झाकून ठेवा."

"आळेफाट्याच्या चाळीत?"

"आता चाळ दुसरी हाय कुटं? हवालदारानं बी त्येच इचारलं, मी व्हय म्हणलं. अंधार पडला तरी आला न्हाई, तवा मी आन् शेजारचा दिगू जीपनं फाट्यावर गेलो. चाळीतली दारं वाजवली एकएक. न्हाईच." तिने पदराने डोळे टिपले. "भाकरी तशीच व्हती सकाळी."

बाईंच्या मनात काहीतरी खुपलं. 'आळेफाट्याच्या' हा शब्द किरणचा नव्हता, मागून चिकटवलेला होता. पण खुपतंय ते नेमकं कुठे, ते हाताला लागेना.

"हा वास कसला येतोय हो इथे?"

"अमृतरावांची बराख नासलीया. कुणीतरी युरिया टाकला रातीचा. आमच्याकडं दुश्मनी अशीच काढत्यात. मूठमूठ युरिया फेकला की कांद्याला पाणी सुटतंय. सोन्याचा भाव आन् ह्यो घात. आमी बाया आपणहून गेलो, म्हणलं निवडू लागतो, चांगला तेवढा तरी हाती लागंल. तर हाकलून दिलं. म्हणलं, पंचनामा व्हायचाय, हात लावू नगा."

मळ्याच्या वाटेवर बाईंना चिमाजी भेटला, अमृतरावांचा चुलतभाऊ. दोघांचं बांधावरून विळ्या-भोपळ्याचं सख्य होतं. युरियाचा आळ सगळ्या गावाने त्याच्यावर घेतला होता.

"मी टाकीन का? माझं कांदं त्याच्याच बांधाला, नास तिकडं बी लागंल," चिमाजी म्हणाला. "आन् एक सांगा. मी चोर, तर मग फिर्याद का देत न्हाई? तलाठ्याला इचारलं मी. म्हणला, अर्जच न्हाई आला. गावभर माझं नाव करतोय आन् चौकीची पायरी चढत न्हाई."

अमृतरावांनी बाईंना मोठ्या अगत्याने बसवून घेतलं. भारदस्त माणूस, पांढरेशुभ्र कपडे. त्यांची बराख पाहायला चार तालुक्यांतून गाड्या भरून लोक यायचे, आणि त्यांच्या शब्दावर कित्येकांनी तशीच बांधायला घेतली होती. सरकारी पुस्तिकेच्या मुखपृष्ठावर त्यांचाच फोटो जायचा होता. भिंतीवर त्याची जागा रिकामी ठेवून दोन्ही बाजूंना हारतुऱ्यांचे फोटो लावले होते.

"पोर गुणी व्हतं," ते म्हणाले. "आमच्या घरातलंच."

आतून चहा आला. आणणाऱ्या कुशाबाई, त्यांच्या पत्नी. बाईंकडे त्यांनी पाहिलंच नाही.

"बराखीचं फार वाईट झालं," बाई म्हणाल्या. "बघू का जरा?"

"नगा, उलटी होईल तुमाला." अमृतराव सावकाश म्हणाले, "तुमचे डॉक्टरसाहेब काय म्हणत्यात? त्या दिवशी आले व्हते हितं दुपारी. लई तापले व्हते पोरावर. सांगितलं न्हाई त्येंनी तुमाला?"

नव्हतं सांगितलं. पळाला असेल म्हणाले होते, आणि चष्मा पुसला होता.

४

फाट्यावरच्या एस.टी.डी. बूथमधून बाईंनी लिमयांना फोन लावला आणि आडवळण न घेता विचारलं. लिमये आधी रागावले, मग रडकुंडीला आले. हो, गेलो होतो. किरणच्या आकड्यांनी माझे गेल्या वर्षीचे आकडे खोटे पडत होते. नवी बराख जुनीपेक्षा चांगली नाहीच, असं तो लिहिणार होता. मी त्याला म्हटलं, पुन्हा तपासून बघ. चार वाजता माझी जीप निघाली, तेव्हा तो रस्त्यात उभा होता. पोतनीस, मी भित्रा आहे, पण मी कुणाला मारलेलं नाही.

बाईंना ते पटलं. लिमयांच्या भित्रेपणाची त्यांना वर्षानुवर्षांची खात्री होती.

त्या चहा घेऊन ओसरीवर रखमाजींजवळ बसल्या. म्हाताऱ्याने पिशवीतून पोह्यांचा डबा काढून पुढे केला. मुलासाठी आणलेले होते. बाईंनी चिमूटभर घेतले.

"लई हुशार पोरगं," रखमाजी म्हणाले. "दिवाळीला आला तर म्हणे, दादा, हवा खेळली पाहिजे. माझी जुनी चाळ मोडायला लावली त्यानं. स्वतः बांबू आणले. यंदा कांदा एक नासला नाय. रोज सकाळी चाळीत गेलो की त्याची आठवण होते."

बाईंनी कप खाली ठेवला.

"चाळीत म्हणजे?"

"चाळ वो. कांद्याची. तुमच्याकडं काय म्हणतात?"

तुमच्याकडं काय म्हणतात, हा प्रश्न बाईंनी स्वतः किरणला किती वेळा विचारला होता. त्याच्या मजकुरात पानोपानी 'चाळ' होतं. त्यांनी ते लाल शाईने खोडून पानोपानी 'बराख' केलं होतं, इतकं नीट की मूळ शब्द त्यांच्याच डोक्यातून पुसला गेला. राजुरीत बोलताना पोरगा जपून 'बराख' म्हणत असेल. पण त्या दिवशी तो चिडलेला होता, आणि चिडल्यावर माणूस आईच्याच भाषेत बोलतो.

म्हणून लुना दारात होती. म्हणून भाकरी नुसती झाकून ठेवायची होती. तो पायी जाण्याइतक्या जवळ, अमृतरावांच्या मळ्यात निघाला होता.

मग बाकीचं सरसर जुळत गेलं. सोन्याच्या भावाचा कांदा नासतोय, आणि अमृतरावांसारखा शेतकरी चांगला कांदा निवडून काढत नाही. बायांना हाकलतो, पंचनाम्याचं नाव सांगतो, आणि पंचनाम्याचा अर्जच देत नाही. ज्याला कांदा वाचवायचा नाही, त्याला दुसरंच काही झाकायचंय. नासका वास गावभर सुटला तरी कुणी नाक मुरडू नये, यासाठी युरियाइतकं सोयीचं दुसरं काय असणार?

शेजारी रखमाजी डब्याचं झाकण लावत होते. बाई उठल्या आणि आत गेल्या.

"फौजदारसाहेब, राजुरीला एक पंचनामा राहिलाय. अर्ज आलेला नाही, पण तुम्ही चला."

५

रखमाजींना आणायचं नाही, असं बाईंनी ठरवलं होतं. म्हातारा ऐकेना. जीप निघाली तसा तो मागच्या बाकावर चढून बसला.

बराखीला बाजूंनी बारदान लावलेलं होतं. पावसाची झड येऊ नये म्हणून सगळेच लावतात, पण पाऊस सरल्यावर बाकीच्यांनी काढलं होतं. फळ्यांखालून काळं पाणी ओघळत होतं. अमृतराव धावत आले.

"सायब, सांगून यायचं. मी उद्या निवडून घेणारच व्हतो."

"मग आजच घेऊ," बाई म्हणाल्या. "बाया बोलावल्यात मी."

झुंबरबाई आणि आणखी दोघी टोपल्या घेऊन वाटेवर दिसत होत्या. अमृतराव फौजदारांना बाजूला घेऊन हळू आवाजात काही समजावू लागले. फौजदारही जरा घुटमळले, कारण माणूस वजनदार होता. तेवढ्यात रखमाजी पुढे झाले. कांदेवाल्याला नासता कांदा बघवत नाही. त्यांनी बारदान वर सारलं आणि दोन्ही हातांनी कांदे उपसायला सुरुवात केली. चांगला एका बाजूला, नासका दुसऱ्या. जन्मभराची सवय ती.

"हात लावू नगा," अमृतराव ओरडले आणि त्यांनी म्हाताऱ्याचं मनगट धरलं. "त्या कप्प्याला हात लावू नगा."

कप्पे चार होते. कुठल्या कप्प्याला, हे कुणी विचारलंच नव्हतं. फौजदारांनी अमृतरावांचा हात सोडवला आणि दुसऱ्या हाताने त्यांच्या दंडाला धरलं.

"दादा, तुम्ही बाजूला या," बाई म्हणाल्या. "माझं ऐका. तुम्ही नका."

रखमाजींनी त्यांच्याकडे पाहिलं. मग ते पुन्हा कांद्यांकडे वळले आणि उपसत राहिले, सावकाश, एकेक कांदा. कुणी त्यांना अडवलं नाही. झुंबरबाई येऊन शेजारी बसली आणि तीही उपसू लागली. पुढे काही वेळाने तिच्याच तोंडून हंबरडा फुटला. रखमाजी उपसतच राहिले.

किरणच्या हाताशी जाळीची एक पिशवी सापडली. तोलायच्या नमुन्यातल्या प्रत्येक कांद्याला तो गेरूचा ठिपका लावून ठेवायचा. त्या पिशवीतल्या एकाही कांद्याला ठिपका नव्हता.

अमृतराव बांधावर मटकन बसले. मघापर्यंतचा भारदस्तपणा कुठल्या कुठे गेला होता.

"नासका काढून चांगला घालायचो मी नमुन्यात," ते म्हणाले. "गेल्या सालापास्नं. डॉक्टरला कळलं न्हाई, ह्येला कळलं. म्हणला, उद्या लिहिणार. माझ्या शब्दावर लोकांनी बराखी बांधल्यात, जमिनी गहाण टाकून. उद्या दारात येऊन थुंकले असते. म्हणलं, लिहू नगंस. ऐकंना. ढकलला. फळीवरनं तोल गेला, अँगलवर डोस्कं आपटलं."

"आणि मग?"

अमृतरावांनी घराकडे पाहिलं. दारात कुशाबाई उभ्या होत्या.

"मग शेजारच्या कप्प्यातला कांदा ढकलला वरनं," ते म्हणाले.

६

राघू त्या दिवशीच सुटला. हिरा त्याला धरून घेऊन गेली, आणि जाताना दोघांपैकी कुणीही मागे वळून पाहिलं नाही. लिमयांनी राजीनाम्याची भाषा केली, पण दिला नाही. पुस्तिका थांबली. बाईंना यातल्या कशाचंच समाधान वाटत नव्हतं.

शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरांनी त्यांना दवाखान्याच्या व्हरांड्यात गाठलं. तरुण माणूस होता, त्याचाच चेहरा उतरलेला.

"डोक्याच्या जखमेनं गेला नाही तो. नाकातोंडात कांद्याच्या साली होत्या. श्वास चालू होता त्याचा, वर कांदे आले तेव्हा. आणि नंतरही चालू असावा, बराच वेळ. वेळेवर कुणी काढला असता तर..."

वाक्य पुरं करायची गरज नव्हती. कुशाबाईंनी जबाबात सांगितलं होतं, अंधार पडल्यावरही बराखीकडून कण्हल्यासारखं येत होतं, मालक म्हणाले मांजर आहे. त्याच वेळी झुंबरबाई जीपने फाट्यावर जाऊन चाळीतलं एकेक दार वाजवत होती. किरणने जायची जागा सांगितली होती, अगदी बरोबर शब्दात सांगितली होती. नुसतं दोन तालुक्यांच्या बोलीतलं अंतर आडवं आलं.

शववाहिका चांदवडला निघायची होती. झुंबरबाई किरणचं सामान बांधून घेऊन आली होती. गाठोडं तिने गाडीत ठेवलं आणि दाराशी उभी राहिली. रखमाजी टोपी हातात घेऊन बाईंसमोर आले.

"बाई, तुमी शिकल्या-सवरल्या. डाक्टरशी बोलल्या. एक सांगा मला. लगेच गेला का वो पोरगा? का पडून होता?"

झुंबरबाईने मान वर केली. तिचे डोळेही बाईंच्या तोंडावर खिळले होते.

नोकरीच्या सगळ्या काळात पोतनीसबाईंनी एक चुकीचा शब्द पुढे जाऊ दिला नव्हता. त्यासाठी त्यांनी मंत्र्यांची भाषणं परत पाठवली होती, लिमयांशी वैर घेतलं होतं, आणि या मुलाला रडवलंही होतं. घसा खाकरून त्या स्पष्ट आवाजात, दोघांना नीट ऐकू जाईल असं म्हणाल्या,

"लगेच गेला. काही कळलंसुद्धा नाही त्याला."

झुंबरबाईने तोंडाला पदर लावला. रखमाजींनी मान हलवली, टोपी डोक्यावर घातली आणि ते गाडीत मुलाजवळ जाऊन बसले.